चौदा सेकंदांचा रस्ता

बसा नीट. कठड्यावर पाय सोडून बसू नका रे, चौथा मजला आहे. ती चटई ओढा इकडे. आज संध्याकाळी तुमच्यातला एक शहाणा म्हणाला की खालचा तो पायी चालणाऱ्यांचा सिग्नल फार वेळ खातो, गाड्या उगाच ताटकळतात. कोण म्हणालं ते मला माहीत आहे, नाव घेत नाही. मी तेव्हा गप्प बसलो, कारण जिन्यात उभं राहून सांगायची गोष्ट नाही ती. आता सांगतो. मध्ये तोंड घालायचं नाही. आणि ही इकडून-तिकडून ऐकलेली नाही. ज्याच्यावर गुदरली तो माझा लंगोटीयार आहे.

त्याला आम्ही बांबू म्हणायचो. सहा फूट दोन इंच उंची आणि अंगावर मांस औषधालाही नाही. कामाला होता सिग्नलच्या खात्यात. दोन शहरांना जोडणारा हा हमरस्ता आपल्या वस्तीच्या पोटातून गेलाय ना, त्यावरच्या एकोणीस सिग्नलांच्या पेट्या त्याच्याकडे. फ्यूज उडाला, दिवा गेला, उंदरानं वायर कुरतडली, की बांबूला फोन.

तीन वर्षांपूर्वीची गोष्ट. फेब्रुवारीची सोळा तारीख, गुरुवार. साहेबांचा फोन आला, की तुझ्या घरासमोरचा सिग्नल वेड्यासारखा वागतोय. रात्री नऊ वीसला सुरू होतो तो पहाटेपर्यंत. रस्त्यावर माणूस नाही काणूस नाही, कुणी बटण दाबलेलं नाही, आणि दर सहा-सात मिनिटांनी चालणाऱ्यांचा हिरवा दिवा लागतो. ट्रकांच्या रांगा लागतायत. आज रात्री एकनंतर जा आणि बटणाची वायरच कापून टाक. मग वस्तीतल्या लोकांनी रस्ता ओलांडायचा कसा, हे साहेबांनी सांगितलं नाही आणि यानं विचारलं नाही. साहेबाचं काय, उंटावरून शेळ्या हाकायच्या.

पण बांबूनं विचारलं नाही त्याला कारण होतं. ते आधी ऐका.

तुम्ही आलात तेव्हा रस्ता असाच होता, सहा पदरी. आमच्या वेळी हा दोन गाड्यांपुरता होता. इकडे शाळा, तिकडे दवाखाना, इकडून हाक मारली की तिकडून ओ यायची. मग रुंदीकरण झालं आणि एका वस्तीच्या दोन वस्त्या झाल्या. लोकांनी आरडाओरडा केल्यावर हा सिग्नल बसला. खांबावरचं बटण दाबायचं, हिरवा माणूस लागला की चालायचं. चौतीस सेकंद मिळायचे. म्हाताराकोताराही पलीकडे पोचायचा.

त्यावर गाडीवाल्यांनी अर्ज केला की वेळ कमी करा. पहिली सही माझी. हो, माझी. मी तेव्हा या दोन शहरांमधली बस चालवायचो, दिवसाला चार खेपा. पाच मिनिटं उशीर झाला तरी डेपोत बोलणी खायची. मला वाटलं, चौतीस सेकंद म्हणजे चैन आहे.

अर्ज गेला आणि मोजमाप करायला आला बांबू. आता मोजायचं कसं? हा पठ्ठ्या घड्याळ लावून स्वतःच चालला. त्या टांगा, आणि तोही भरभर. बारा सेकंद भरले. वर दोन दयाबुद्धीनं घातले आणि यंत्रात चौदा ठोकले. आपल्याच वस्तीतला माणूस. कुऱ्हाडीचा दांडा गोतास काळ म्हणतात, तो असा. पण तेव्हा आम्ही दोघं टपरीवर चहा पिऊन हसलो होतो.

आपल्या या गल्लीत शिवणकाम करणारी एक मावशी होती. सत्तरीची, ठेंगणी, गुडघ्यांनी अधू, जिभेनं तिखट. पायजमा आखूड करायला दिला तर म्हणायची, तूच थोडा वाढ की. तिची धाकटी बहीण पलीकडच्या गल्लीत, अर्धांगवायूनं अंथरुणाला खिळलेली. बहिणीजवळ तिचा मुलगा आणि सून होते, पण दोघांच्याही कारखान्यात रात्रपाळ्या. म्हणून मावशी रोज रात्री नऊ वीसला मशीन झाकायची, पिशवी घ्यायची, रस्ता ओलांडायची आणि बहिणीपाशी जाऊन झोपायची. रुंदीकरणाच्या धुळीतही एक दिवस चुकला नाही.

पंचवीस जानेवारीला ती नऊ वीसलाच निघाली. टेम्पोनं तिला उडवलं ते दहा वाजता. टेम्पो थांबला नाही. लोक म्हणाले, एवढा वेळ ही होती कुठे? चाळीस मिनिटं?

बांबूला कळलं होतं ती कुठे होती. चौदा सेकंदात मावशी कशीबशी मधल्या दुभाजकापर्यंत पोचली. तिथे दिवा लाल झाला. आणि दुभाजकावर बटण नाही. बटणं दोन्ही कडांच्या खांबांवर. मागे जाता येईना, पुढे जाता येईना. एरवी मागून येणारं कुणीतरी बटण दाबायचं; ती थंडीची रात्र, दुसरं कुणी रस्ता ओलांडायला आलं नाही. चाळीस मिनिटं उभी राहिली, आणि मग गाड्यांमधून चालायला लागली.

बांबू कुणाला काही बोलला नाही. मावशीला पोचवायला आला तोही सगळ्यांच्या मागे राहून. पंधरा दिवसांत निम्मा झाला. धाकट्या बहिणीला तर कुणी सांगितलंच नाही. तिचं हृदय नाजूक. ताईचा पाय मोडलाय, पुतण्याकडे आहे, असं सुनेनं ठोकून दिलं. आणि मावशी गेली त्याच्या दुसऱ्या दिवशीपासून हा सिग्नल रात्रीचा आपोआप लागायला लागला.

तर सोळा तारखेला रात्री सव्वा वाजता बांबू खाली उतरला. हवा थंडगार. पेटी उघडली, बॅटरी दातात धरली, बटणाची वायर शोधली. पक्कड लावली.

आणि खांबावरच्या बटणाचा बारीक लाल दिवा लागला.

खांब त्याच्यापासून चार हातांवर. तिथे कुणी नव्हतं. त्याला वाटलं, वायर कुठेतरी चिकटत असेल. एक ट्रक होता, तो थांबला. हिरवा माणूस लागला. चौदा… तेरा… बारा…

मग त्याला ऐकू आलं.

चपला. जुन्या, टाचेला सैल झालेल्या. फट्… फट्… एक पाय टाकायचा, दुसरा ओढायचा. रस्त्यावरून. त्याच्यापासून लांब जात होत्या. ट्रकच्या दिव्यांच्या झोतात रस्ता लख्ख दिसत होता. रिकामा.

तीन… दोन… एक.

लाल. चपला थांबल्या, बरोबर मध्ये.

ट्रक गेला. मागून दोन गाड्या गेल्या. मग सगळं शांत. बांबू सांगतो, त्या शांततेत तिकडे कुणीतरी उभं आहे हे पाठीला कळत होतं. बघायची हिंमत नव्हती. पक्कड वायरीवर तशीच. हात दाबेना. एक मिनिट… दोन… चार… पाच…

मग पलीकडच्या पदरातून एक टेम्पो धडधडत आला. गेला.

आणि इकडच्या खांबावरचा लाल दिवा पुन्हा लागला.

पुन्हा पहिल्यापासून. फट्… फट्… चौदा सेकंद. मध्ये येऊन थांबणं. एखादी गाडी पलीकडून भरधाव येणं. पुन्हा इकडचा दिवा. त्यानं चार वेळा ऐकलं. चौथ्या वेळी त्याच्या ध्यानात आलं, की हे बावीस रात्री चाललंय. पहाटेपर्यंत. ती बहिणीकडे निघते आणि निम्म्यात अडकते. आणि आपण इथे आलोय ते तिचा तेवढाही रस्ता कापायला.

पोरांनो, तो भ्यायला होता. पाचावर धारण बसली होती त्याची. पण भीतीपेक्षा दुसरं काहीतरी मोठं होतं, ते मला सांगताना तो रडला. त्यानं पक्कड खाली टाकली. यंत्राची झडप उघडली. चौदा पुसले. चौतीस घातले. साहेबांना न विचारता. आणि पेटी तशीच उघडी टाकून खांबापाशी जाऊन उभा राहिला.

वाट बघितली.

दिवा लागला. त्याच्या कमरेच्या उंचीवर, त्याच्या अगदी शेजारी.

त्यानं हात थोडा पुढे केला. म्हणाला,

"मावशी, चूक माझी आहे. मी माझ्या पायांनी मोजलं. चला, मी येतो."



हिरवा लागला. चौतीस. चपला चालू झाल्या. हा बाजूनं. आयुष्यात इतकं हळू तो कधी चालला नव्हता. एक पाऊल टाकायचं आणि थांबायचं. टाकायचं आणि थांबायचं. अठ्ठावीस… सत्तावीस… त्याला वाटलं रस्ता संपतच नाही. कोपराला काहीतरी टेकलं. वजन काही नाही. गार… दुभाजक आला. एकोणीस. तिथे चपला थांबल्या.

त्यानं डोळे मिटले. म्हणाला, "अजून आहे वेळ. चला."

…

…फट्.

अकरा… दहा… तिसरा पदर. सहा… पाच… पलीकडचा फूटपाथ. दोन. कोपरावरचं ते गार निघून गेलं. चपला गल्लीत शिरल्या. बांबू फूटपाथवर बसला तो उजाडेपर्यंत. त्या रात्री दिवा पुन्हा आपोआप लागला नाही. त्यानंतरही नाही.

सहाला माझ्या दारात. चेहऱ्यावर रक्त नाही. बसला, सगळं सांगितलं, आणि म्हणाला, आज ऑफिसला लेखी देणार की सेकंद मी चुकीचे मोजले. दिलंही त्यानं. त्याला गोदामात टाकला, तो अजून तिथेच आहे. सेकंद मात्र कमी करायला नंतर कुणी धजावलं नाही. तर त्या सकाळी तो पुढे म्हणाला, धाकटीला खरं सांगू या. तिला कुणीतरी सांगायला पाहिजे, आणि ते मीच.

मी म्हटलं, तू एकटा नाही. मी पण.

तो म्हणाला, तू फक्त सही केलीस.

आता ऐका, कारण हे मी तोवर कुणालाच सांगितलं नव्हतं. माझ्या बायकोलाही नाही. पंचवीस जानेवारीला पावणेदहाची माझी खेप होती. दुभाजकावर मी तिला पाहिलं. हेडलाइटमध्ये स्वच्छ. पिशवी छातीशी धरलेली. तिनं हात केला मला. आणि मी काय म्हटलं असेल मनात? इथे थांबा नाही. बत्तीस वर्षं गाडी चालवली. रस्त्यात कुणी हात केला की त्याला गाडीत चढायचंय, एवढंच माझ्या डोक्यात येतं. थांबा नसेल तिथे थांबायचं नाही, नियम आहे. तिला गाडीत चढायचं नव्हतं रे. मी आडवा उभा राहिलो असतो तर मागच्या गाड्या थांबल्या असत्या आणि ती पलीकडे गेली असती. मी हॉर्न वाजवला आणि गेलो. उलट मनात म्हटलं, या वयात मध्ये उभं राहायची हौस बघा.

बांबू उठला, चप्पल घातली, म्हणाला, चल.

सातला आम्ही धाकटीच्या दारात. काय बोलायचं ते वाटेत दोनदा जुळवलं होतं. सुनेनं दार उघडलं. नुकतीच पाळीवरून आलेली, अजून कारखान्याचा डगला अंगावर. आम्हाला बघून तिनं सुटकेचा निःश्वास टाकला आणि हळूच विचारलं, "काका, काल रात्री तुम्ही कुणा बाईला पाठवलं होतं का इथे?"

मी म्हटलं, नाही. का गं?

तिनं आम्हाला आत नेलं. धाकटी उशीला टेकून होती. खिडकीतून उजेड तिच्यावर. एरवी त्या बाईचे हात खांद्यापर्यंतही उचलले जात नाहीत. सून घाईत असते, केस गोळा करून वर नुसती पिन लावते. बावीस दिवस ते तसेच पिंजारलेले होते, मी आधी येऊन बघून गेलो होतो. त्या सकाळी भांग सरळ होता. तेल लावलेलं होतं. आणि खांद्यावरून पुढे घेतलेली वेणी. घट्ट. साधी तीन पेडांची नाही, चार पेडांची. सून म्हणाली, मला ही येत नाही. या घरात कुणालाच येत नाही.

धाकटी आमच्याकडे बघून हसली. रात्री छान झोप लागली म्हणाली. काय काम काढलंत एवढ्या सकाळी, विचारलं.

आम्ही जे सांगायला गेलो होतो ते सांगितलं नाही. दोघंही खाली बघत उभे होतो. अजूनही सांगितलेलं नाही, आणि ते मला रोज खातं. ती वेणी तिनं पुढे सात दिवस कुणाला सोडू दिली नाही. सून दर सकाळी बघायची, आणि दर सकाळी तिला ती आदल्या रात्रीपेक्षा ताजी, नुकतीच घातल्यासारखी दिसायची.