घुमेरावांचं घर हलवताना

“भूत समोर आलं ना, तर मी त्याला बसवून चहा पाजीन,” असं उचापतीकाका छातीवर थाप मारून सांगायचे. आणि ऐकणाऱ्याने भुवया उंचवायच्या आत स्वतःच पुढे जोडायचे, “फक्त त्याने दिवसाउजेडी यावं, दार वाजवून यावं, आणि आधी आमच्या हिला भेटून यावं. त्यातून वाचलं तर माझ्याकडे.”

काकांचा धंदा कॉम्प्युटर दुरुस्तीचा. शाळेशी त्यांचं कधी जमलं नाही, आणि शाळेनेही फारसा आग्रह धरला नाही. पडद्यावरचं इंग्रजी ते वाचत नसत, ओळखत असत, गल्लीतली माणसं चालीवरून ओळखावीत तसं. हात मात्र गुणी. आणि तेवढेच खोडकर. दातांच्या डॉक्टरांचा कॉम्प्युटर सुरू झाला की आतून लहान मूल भोकाड पसरायचं. ही जादाची दुरुस्ती काकांनी फुकटात करून दिली होती.

तर एका दुपारी वहिनींचा निरोप आला, जरा येऊन जा म्हणून. वहिनी म्हणजे शेजारच्या इमारतीत कपडे शिवून देणाऱ्या बाई. त्यांचे यजमान नुकतेच गेले होते. बस डेपोत वेळापत्रकं आखण्यात हयात घालवलेला माणूस, पण बोलणं इतकं कमी की काकांनी त्यांचं नाव घुमेराव ठेवलं. त्यावर त्यांनी कधी तक्रारही केली नाही. करायची तर बोलावं लागलं असतं.

“काका, यांचा कॉम्प्युटर खडखडतोय हो,” वहिनी दारातच म्हणाल्या.

“म्हणजे घुमेराव गेल्यावर मशीनला कंठ फुटला म्हणा की!”

दुसऱ्या कुणी असं म्हटलं असतं तर वहिनींनी दार लावून घेतलं असतं. काकांना त्यांनी नुसतं आत घेतलं.

मागच्या खोलीची खिडकी पलीकडच्या इमारतीच्या भिंतीवर उघडत होती, त्यामुळे भर दुपारीसुद्धा तिथे तिन्हीसांजेचा उजेड. बंद कपाटाचा आणि तापलेल्या धुळीचा वास. वहिनींनी कोपऱ्यातला दिवा लावला. मशीन सुरू झालं, आणि त्याच्या पोटातून आवाज आला… कट्ट… कट्ट… मग थोडं थांबून पुन्हा कट्ट.

काकांनी कान लावला. चेहऱ्यावरची मजा जरा उतरली.

“डिस्क जायला टेकली आहे, वहिनी. आत काय काय आहे?”

“एक खेळ.”

“खेळ? घुमेराव आणि खेळ?”

“निवृत्त झाल्यापासून रोज. दार लावून बसायचे. एक बेट आहे म्हणे, त्यावर एकटा माणूस. तो लाकडं आणतो, घर बांधतो. मी विचारलं, काय चाललंय एवढं, तर म्हणायचे, घर पुरं होऊ दे, मग बोलावतो तुला.” वहिनी थांबल्या. “बोलवायचं राहूनच गेलं. मला ते घर एकदा बघायचं आहे, काका. एवढा वेळ माझ्यापासून दूर बसून या माणसाने बांधलं तरी काय?”

“मग सुरू करून बघायचं ना!”

“माझ्या हातून पुसलं गेलं तर? त्यांचं म्हणून एवढंच उरलंय.”

काकांनी नवी डिस्क पिशवीतून काढली. काडेपेटीएवढी, आवाज ना हालचाल. “ही बघा. ही घुमेरावांच्या जातीची. बोलणार नाही, काम करेल. खेळ इकडे आणू, मग निवांत बघा.”

त्यांनी वायरी जोडल्या, जुन्या डिस्कवरचा खेळ नव्या डिस्कवर यायला लावला. पडद्यावर हिरवी पट्टी गोगलगायीसारखी सरकू लागली. वहिनी चहा टाकायला गेल्या. आता एकट्या काकांना गप्प बसवतंय होय! त्यांनी टेबलावरचा चष्मा उचलून कळफलकावर नीट उघडून ठेवला, खुर्ची अर्धवट मागे ओढली, जणू कोणी खेळता खेळता उठून गेलंय, आणि दाराआड जाऊन उभे राहिले.

वहिनी आल्या. खुर्चीकडे पाहिलं, चष्म्याकडे पाहिलं, चहा ठेवला.

“चष्मा माझा आहे,” त्या म्हणाल्या. “सकाळपासून शोधतेय. बरं झालं.”

काका दाराआडून बाहेर आले आणि मुकाट्याने चहा प्यायले.

पट्टी भरली. काकांनी नव्या डिस्कवरून खेळ सुरू केला. समुद्र दिसला, लाटांचा आवाज आला, आणि मधोमध एकच चौकट उघडली: नवा डाव सुरू करायचा का? बाकी काही नाही. वहिनींचा चेहरा पडला.

“गेलं का सगळं?”

काकांनी कपाळावर हात मारला. “माझ्यासारखा गाढव मीच! खेळ आणला आणि डाव तिकडेच ठेवला. कपाट हलवलं वहिनी, कपडे माळ्यावरच्या ट्रंकेत राहिले. कुठपर्यंत खेळून झालं ते हा खेळ दुसऱ्याच कोपऱ्यात जपून ठेवतो. थांबा.”

जुन्या डिस्कच्या पोटात शिरायचं म्हणजे म्हाताऱ्याला जिने चढायला लावण्यासारखं. कट्ट… कट्ट… एकेक कप्पा उघडायला वेळ लागत होता. शेवटी डावाची फाइल सापडली. शेजारी, ती शेवटची कधी बदलली त्याची वेळ होती. काकांनी डोळे बारीक केले. आजचीच तारीख. मघाचीच वेळ, चहा टाकला होता त्या सुमाराची.

“मशीनचं घड्याळ येडं झालंय,” ते म्हणाले. पडद्याच्या कोपऱ्यातलं घड्याळ बरोबर चालत होतं. त्याच्याकडे त्यांनी पाहिलं नाही.

आता काकांचा एक नेम होता, सगळी उचापत एकीकडे आणि हा नेम एकीकडे: दुसऱ्याची वस्तू उचलून न्यायची नाही. आधी तिची प्रत काढायची, प्रत उघडून बघायची, आणि मगच जुनी पुसायची. त्यांनी डावाची प्रत नव्या डिस्कवर काढली. दोन्हींची मापं ताडून पाहिली. केसाचा फरक नव्हता.

“या, वहिनी. बसा. घुमेरावांच्या बंगल्याचं उद्घाटन!”

समुद्रातून वर चढत गेलेला कडा, आणि कड्यावर घर. लाकडी, बुटकं, नेटकं. खिडक्यांना झडपा, अंगणात वाळत घालायची दोरी, पायऱ्या अशा बांधलेल्या की गुडघे दुखणाऱ्या माणसाला चढता याव्यात. काकांनी माउस फिरवला तसं आतलं दिसलं. खिडकीपाशी, भरपूर उजेडात, लाकडाचे बारके बारके तुकडे जुळवून केलेलं शिवणयंत्र.

“माझं आहे…” वहिनींनी तोंडावर पदर धरला. “चाकाचा टवका उडालाय, तोसुद्धा तसाच दाखवलाय बघा.”

काकांना दुसरंच खटकत होतं. या खेळात पडद्याच्या मध्यभागी माणूस असतोच. त्याच्या पाठीमागूनच सगळं बघायचं असतं. इथे घर होतं, वाट होती, वाटेवर पावलंही होती. माणूस नव्हता. काकांनी घरात पाहिलं, मागे पाहिलं, किनाऱ्यावर पाहिलं. पावलं पायरीपर्यंत येत होती आणि तिथेच संपत होती.

“हे कुठे आहेत?” वहिनींनी विचारलं. घराबद्दल नव्हे, हे सांगायला नको.

“बिघडलं असेल काहीतरी. जुन्यावरून बघतो.”

खरं तर मरायला टेकलेल्या डिस्कवरून खेळ चालवणं म्हणजे वेडेपणा. पण काकांना आता राहवेना. भीतीपेक्षा चौकसपणा मोठा, असा त्यांचा स्वभाव. त्यांनी जुना डाव उघडला. कट्ट… कट्ट… तेच घर. तीच दोरी. आणि पायरीवर, पाठ करून बसलेला माणूस. शेजारी एक बांधलेलं गाठोडं.

वहिनींनी बोटाने गाठोडं दाखवलं.

“काका,” वहिनी अगदी हळू म्हणाल्या, “घर बदलायचं ठरलं की हे असेच… सगळ्यांच्या आधी सामान बांधून पायरीवर बसायचे.”

“खेळच आहे हो, वहिनी.”

“मग तिकडे का नाहीत?”

काकांनी डोकं खाजवलं. “प्रत तर तंतोतंत काढलीय…”

“तेच तर! घराच्या प्रती निघतील. माणूस दोन ठिकाणी कसा राहील? तुम्ही राहाल का?” वहिनी कापड बेतताना बोलत तशा ठाम बोलत होत्या. “प्रत नको. त्यांना उचलून आणा.”

“उचलून म्हणजे इथून काढून तिथे. ते मी करत नाही, वहिनी. मधेच या डिस्कने मान टाकली, तर ना इथलं उरेल ना तिथलं. शिवाय तिथे ठेवायला तिथली रिकामी प्रत आधी पुसावी लागेल. म्हणजे तसं झालं तर घरही जाईल. शिवणयंत्र… सगळं.”

वहिनींनी पायरीवरच्या पाठीकडे पाहिलं.

“घर बघून झालं माझं,” त्या म्हणाल्या. “त्यांना इथे एकटं ठेवून मी रिकाम्या घराचं काय करू? पुसा.”

काकांनी आयुष्यात पुष्कळांच्या जिवाला घोर लावला होता, पण त्या दिवशी बटण दाबण्याआधी त्यांनी वहिनींकडे पुन्हा एकदा वळून पाहिलं. नवी प्रत पुसली. जुना डाव उचलला. हिरवी पट्टी निघाली.

आणि आवाज बदलला. इतका वेळ अडखळत वाजणारी डिस्क एका लयीत वाजू लागली. कट्ट. कट्ट. कट्ट. लाकडी पुलावरून कोणी भरल्या हाताने, तोल सांभाळत चालावं तशी. खोलीत वास आला… धुळीचा नव्हे. ओल्या दोराचा, खाऱ्या वाऱ्याचा. समुद्र तिथून दिवसभराच्या प्रवासावर होता.

“तुम्हाला येतोय?” काकांनी कुजबुजत विचारलं.

वहिनींनी मानेनेच हो म्हटलं.

पट्टी शेवटच्या टोकाशी आली आणि अडली. आवाज थांबला. “गेली… वहिनी, गेली बहुतेक…”

वहिनी पुढे वाकल्या. त्या डिस्कशी बोलल्या, जिन्यात दमून थांबलेल्या माणसाशी बोलावं तसं.

“या सावकाश. घाई नाहीये काही.”

कट्ट.

पट्टी भरली. जुन्या डिस्कचा बारका दिवा एकदा लुकलुकला आणि कायमचा विझला. काकांनी वायर काढून पुन्हा लावली, हलवली, फुंकर मारली. काही नाही. तिचं काम संपलं होतं.

नव्या डिस्कवरून खेळ सुरू केला तेव्हा पडदा बराच वेळ काळाच राहिला. मग समुद्र आला. कडा आला. घर आलं, झडपांसकट, दोरीसकट. पायरी मात्र रिकामी.

तेवढ्यात पडद्याच्या कडेने कोणीतरी आत आलं. खांद्यावर गाठोडं. वाट चढला, पायरीशी थांबला, पायातलं काढून ठेवल्यासारखं केलं, आणि दार ढकलून आत गेला.

“छान चालवलंत,” वहिनी म्हणाल्या.

काकांनी काही चालवलं नव्हतं. त्यांचे दोन्ही हात त्यांच्याच मांड्यांखाली होते. कधी तिथे गेले त्यांनाही ठाऊक नाही. माउस टेबलाच्या पलीकडच्या टोकाला पडला होता.

माणूस बाहेर आला. हातात खुर्ची. ती त्याने अंगणात ठेवली, पुन्हा आत गेला, दुसरी आणली. काकांनी हा खेळ गल्लीतल्या निम्म्या घरांत बसवून दिला होता. एकदा मांडलेली वस्तू यात उचलता येत नाही. मोडून नवी करावी लागते. तरी दुसरी खुर्ची उचलली गेली, जराशी फिरवली गेली, समुद्राकडे पाठ करून, सरळ पडद्याबाहेर तोंड करून ठेवली गेली. मग त्या माणसाने खांद्यावरच्या फडक्याने तिची बैठक झटकली, आणि तो बाजूला उभा राहिला. पाठ न करता. पहिल्यांदाच.

काका खुर्चीसकट मागे सरकले.

“वहिनी… ही खोडी माझी नाही हं. आईशपथ. माझे हात कुठे आहेत बघा…”

वहिनींनी त्यांच्या हातांकडे पाहिलंही नाही. त्यांनी केस सारखे केले, पदर नीट घेतला आणि पुढे आल्या.

“माहीत आहे मला. तुमची असती तर एव्हाना तुम्हीच आधी हसून लोळला असता. सरका आता, मला बसू द्या.”