सहा जळके गाल

माणसाला मरण एकदाच येतं. मुडदेकाकांना ते सतरा सिनेमांत आलं होतं. खोट्या जखमा बनवणं हा त्यांचा धंदा, आणि छोट्या सिनेमांत वेगळा नट कोण शोधत बसणार, म्हणून त्या जखमा अंगावर घेऊन मरायचंही त्यांनीच. या वेळी मात्र नशीब फळफळलं. गालावर भाजल्याचा व्रण असलेला पहारेकरी, तोही चक्क जिवंत आणि बोलणारा! दिग्दर्शकाची अट एकच होती.

"काका, व्रणाची कडा परत परत दिसली, तर तो मी कॉम्प्युटरवर करून घेईन. आणि चेहराही दुसऱ्याचा घेईन."

सिलिकॉनचा व्रण काढताना त्याची पातळ कडा फाटते, म्हणून रोज नवा लागतो. शूटिंग सहा दिवसांचं. काकांनी साच्यात सहा व्रण ओतले, रंगवले आणि चिकटू नयेत म्हणून पावडर भुरभुरून, नंबर घालून सहा डब्यांत ठेवले. डबे स्वयंपाकघरात पाहून बायको म्हणाली, "लोक घरी फुलं आणतात, तुम्ही गाल आणा. ते लावून जेवायला बसलात तर ताट उचलून ठेवीन, सांगून ठेवते."

पहिल्याच दिवशी घामानं कडा सुटली. दिग्दर्शकानं जवळ येऊन ती निरखून पाहिली. दुसऱ्या दिवशी त्यांनी गोंद दुप्पट लावला. संध्याकाळी बायकोनं कुरकुरत, तेल चोळून तो व्रण सोलून काढला.

तिसऱ्या दिवशी कमालच झाली. कॅमेरा नाकाला टेकेल इतका जवळ आला, तरी कडा सापडेना. टाळ्या पडल्या. काका हरभऱ्याच्या झाडावर चढले. दोन तासांचं काम आता दहा मिनिटांत उरकू लागलं. हात बसला, अशी त्यांनी स्वतःची समजूत घातली. संध्याकाळी इतका थकवा यायचा, की व्रण कधी काढला हेही नीटसं आठवायचं नाही.

पाचव्या दिवशी कंटिन्युइटीवाली फोटो घेऊन आली. कालचा शॉट आजच्याशी जुळतो की नाही, हे बघणं तिचं काम.

"काका, तिसऱ्या दिवसापासून व्रण तोच आहे."

"तसाच आहे म्हण. साचा एकच आहे ना."

"पण रंग तर तुम्ही हातानं देता. एक शीरसुद्धा हललेली नाही."

"हे कौतुक आहे की तक्रार?"

तिनं फोटो पुन्हा एकमेकांशेजारी धरले.

सहाव्या दिवशी दुपारीच पॅक-अप झालं. दिग्दर्शकानं मिठी मारली. पुढच्या सिनेमातही काकाच. काका खुशीत आरशासमोर बसले, ब्रश गोंद सोडवायच्या द्रावणात बुडवला आणि कडा शोधू लागले. कानापाशी नव्हती. जबड्याखाली नव्हती. नखानं ओढून पाहिलं. दुखलं.

त्यांनी डबे उघडले. पहिला रिकामा. दुसरा रिकामा.

तिसऱ्यात व्रण होता. पावडरीखाली, अखंड.

चौथ्यातही. पाचव्यातही. सहाव्यातही.

गालावर रुमाल धरून काका घरी आले. बायकोनं दार उघडलं.

"अगं, हे निघतच नाहीये," काका रडवेले झाले होते. त्यांनी रुमाल बाजूला केला.

ती हसली. "निघायला तो काय मेकअप आहे? परत खाजवलंत ना? ऊन लागू देऊ नका म्हणून डॉक्टरांनी तेव्हाच बजावलं होतं."

"कुठल्या डॉक्टरांनी?"

"पुरे झाली नाटकं. बसा इथे."

तिनं न बघताच कपाटात हात घातला आणि मलमाची ट्यूब काढली. ट्यूब संपत आली होती, खालून घट्ट गुंडाळत आणलेली.