साळुबाईची बोली

निरगुडसरला दादाभाऊंच्या कांदाचाळीत कांदा निवडायचं काम रात्रीवर आलं, कारण सकाळी गाडी यायची होती. सडका कांदा हाताला लागला की बोट थेट आत जातं आणि पांढरा चिकट रस मनगटाकडे धावतो. गोरखचं बोट तसं गेलं. त्यानं ईऽऽ करून हात पोत्याला पुसला, तशी बाकीची पोरं हसली.

"कांदाच हाय त्यो," दादाभाऊ म्हणाले. "ईऽऽ म्हंजे काय ते आमच्या सुदर्शनला विचार."

"डिंभ्याचा? त्यो मोबाईलवर इष्टोऱ्या सांगतो त्यो?"

"सांगायचा. आता न्हाई सांगत. माझ्या मावसभावाचा पोरगा. बल्ब जरा अलीकडं घे. म्या दहाव्याच्या घाटावर सोता व्हतो, बाकीचं त्याच्याच तोंडून ऐकलंय."

सुदर्शन पोरगा हुशार, हे कुणीही म्हणेल. जादूच्या दफ्तरखान्याची गोष्ट त्यानं रचली होती. डोंगराच्या पोटात न संपणारी कपाटं, रात्री कागद आपणहून उडतात, मेलेल्या राजांचे हुकूम अजून सुटतात, आणि ते दफ्तर राखणारी माणसं 'अगमी' नावाची भाषा बोलतात. ही भाषा मीच शोधली, असं तो छाती फुगवून सांगायचा. पोरं तिच्यावर खुळी झाली. घोडेगावच्या स्टँडवर एकमेकांना अगमीत शिव्या द्यायची. दफ्तरखान्याचं दार उघडायचा मंत्र तर सगळ्यांना पाठ: "आबूं लेमा, आबूं ले."

शोधली कसली कप्पाळ! घरात आई अंथरुणाला खिळून होती. साळुबाई. लकव्यानं एक बाजू गेली आणि वाचा अशी फिरली की बाई बोलायची भरपूर, पण त्यातला एक शब्द कुणाला कळेल तर शपथ. डोळ्यांत शहाणपण सगळं जागच्या जागी, आणि ओठांतून हे असलं. भरवणं, पुसणं, कूस बदलणं सुनेनं केलं, समृद्धीनं. लेक नाकाला रुमाल लावून यायचा, मोबाईल आईच्या तोंडाशी धरायचा. लाळ मोबाईलवर गळू नये म्हणून त्याला प्लास्टिकची पिशवी गुंडाळायचा. मोबाईल पुसायचा. आईची हनुवटी तशीच.

थू त्याच्या हुशारीवर! ती बिचारी पाणी मागत असेल, कूस बदल म्हणत असेल, आणि हा तिच्या कण्हण्याला मनचे अर्थ चिकटवून बाजारात मांडत होता.

साळुबाई गेली. दहाव्याला घोड नदीच्या काठी पिंड ठेवला, पण कावळा शिवेना. समोर जांभळीवर बसलेला, बघतोय, चोच पुसतोय, खाली येत नाही. भाऊबंदांनी जमेल तेवढी वचनं दिली. लेकीचं माहेरपण तोडणार न्हाई. सुनेला अंतर देणार न्हाई. गाय विकणार न्हाई. कावळा ढिम्म. ऊन चढलं. पोरं घरी जायला वळवळू लागली.

"सुदर्शन, तू बोल राव," दादाभाऊ म्हणाले. "तुझ्यातच आडकलाय तिचा जीव."

"आई, वर्षश्राद्ध दणक्यात करतो."

कावळ्यानं पाठ फिरवली. कुणीतरी दर्भाचा कावळा करायला घेतला. सुदर्शन कंटाळला होता, घामेजला होता. त्यानं पुढं होऊन हात जोडले आणि पुटपुटला, "आबूं लेमा, आबूं ले. करतो, आई."

बोलणं पुरं व्हायच्या आत कावळा पिंडावर होता.

"काय बोल्ला रं?" सगळे विचारू लागले.

"आमचं मायलेकाचं हाय," सुदर्शन म्हणाला. आणि हसला. वचन देऊन बसला होता, पण कशाचं, ते त्याला ठाऊक नव्हतं.

दहाव्याचीच ती रात्र, मार्गशीर्षातल्या अवसेची आदली. शनिवार. घाटावर काय पुटपुटलात, असं जेवताना समृद्धीनं विचारलं तेव्हा त्यानं फुशारकीनं सांगितलं. तिचा हात ताटावरच थांबला.

"ते आत्याबाई कवा म्हणायच्या, ठावं हाय का तुमाला?"

"कवा?"

"गेलेल्या गालात घास आडकला की. गिळता यायचा न्हाई, थुकता यायचा न्हाई. तसंच आंबत राहायचं आत. मग म्हणायच्या. म्या बोट घालून काढायची." ती थांबली. "आन् तुमी करतो म्हणून आलाव."

"गप, जेवताना कसलं घाण काढतीस!" म्हणत तो उठला. ताट तसंच राहिलं.

गोष्टीचा नवा भाग त्याला त्याच रात्री मोबाईलवर करायचा होता. शांत खोली घरात एकच. आईची. खाट अजून उचलली नव्हती. तो खाली बसला, कानाला हेडफोन लावले.

आधी वास आला. आंबलेल्या दूधभाकरीचा.

मग आवाज. "आबूं लेमा..."

त्यानं काही लावलंच नव्हतं. हेडफोन काढले. आवाज तिथंच होता. खाटेवर.

"आबूं ले..."

मोबाईलचा उजेड त्यानं तिकडं केला. केला नसता तर बरं झालं असतं. एक गाल फुगलेला. ओठ लोंबलेले. लाळेची तार उशीपर्यंत. आणि तोंड उघडं... नुसतं उघडं. ती रागावली नव्हती. काही मागतही नव्हती. वाट बघत होती.

"आई... समृद्धीला बोलावतो..."

पाय उठेनात.

तोंड जरा पुढं आलं.

त्यानं डोळे मिटले. हात पुढं केला. बोट आत गेलं.

आत ऊनऊन होतं. बुळबुळीत. बोटाला लगदा लागला. त्यानं काढला. झटकला. परत घातलं. परत लगदा. त्यात केस. परत. परत... गाल रिकामा होईना.

मग ओठ मिटले.

चावले नाहीत. तान्हं पोर चोखतं... तसे.

...

पहाटे समृद्धी आली तेव्हा तो खाटेला टेकून बसला होता. फरशी कोरडी. उशी कोरडी. तो फक्त साबण मागत होता.

त्या दिवशी त्यानं सगळे भाग काढून टाकले. स्टँडवरची पोरं अजून तो मंत्र म्हणतात. कानावर पडला की सुदर्शन जिथं असेल तिथं ओकतो.

चाळीत गोरख म्हणाला, "दादाभाऊ, सपान पडलं आसंल त्याला."

"आसंल. म्याबी त्येच म्हणत व्हतो. परवा डिंभ्याला गेलो. त्यानं उजवा हात म्होरं केला. सगळा हात कोरडा, आन् अंगठ्याशेजारचं बोट पांढरं, सुरकुतलेलं, दिवसभर पाण्यात ठिवल्यागत. माझ्यासमोर टॉवेलनं खरखरून पुसलं त्यानं. मंग आमी च्या घेतला."

"मंग?"

"त्यानं कप खाली ठिवला तवा... कपाच्या कानावर वला ठसा व्हता. एकाच बोटाचा. आन् थेंब गळत व्हता. त्याला तार व्हती."