पाठीवरचं नाव

मिरेई सीर तोंडात सहा टाचण्या धरून एका नवरीचा झगा कमरेत आवळत होती. तेवढ्यात दार उघडलं आणि आधी एक पिशवी आत आली. पिशवी कसली... त्यात दोन वासरं आणि त्यांची आई पाय पसरून झोपली असती. पिशवीमागून, ती पाठीवर घेतलेला एक उंच माणूस आला, पाठमोरा, उलट्या पावलांनी.

नवरी किंचाळली. मिरेईने टाचण्या तळहातावर काढल्या.

"अहो! दिसत नाही का? नवरी उभी आहे इथे!"

"माफ करा — मला नवरी नकोय. कपडे बदलायची खोली हवीय."

"नवरी नको म्हणत आत शिरणारे पुष्कळ पाहिलेत. दार लावा आधी, वारा येतोय!"

त्याने दार लावलं. आतून. मग आपण नक्की कुठल्या बाजूला उभे आहोत हे त्याला कळलं आणि तो कानांच्या पाळ्यांपर्यंत लाल झाला.

हे मी स्वतः पाहिलं. बर्फ सारखा करायचं यंत्र मी त्या खोलीसमोरच्या बोळात उभं करतो. चाळीस वर्षं आमच्या सेंट-ओडिलच्या आइस हॉकीच्या रिंकवर मी ते चालवतोय, आणि खोटं बोलतो ते फक्त माशांच्या लांबीबद्दल.

तर हा माणूस म्हणजे ऑरेस्ट हाव्रिलिशिन, आमच्या बीव्हर संघाचा नवा गोली, म्हणजे गोलरक्षक. जन्म तिकडे दूर सस्कॅचवानच्या गव्हाच्या मुलखातला, वय चौतीस. अकरा वर्षांत चौदा क्लब! कुठल्याही गावात त्याच्या आंघोळीच्या साबणाची वडी संपली नाही, त्याआधीच त्याला हलवलं. आणि मिरेई? दिवसा ती प्रेक्षकांच्या बाकांखालच्या त्या खोलीत लग्नाचे झगे बेतायची, आणि संघात कुणी नवा आला की त्याच्या जर्सीच्या पाठीवर नाव शिवायची. गेला की उसवायची.

"नाव सांगा," नवरी गेल्यावर तिने कात्री उचलली.

त्याने सांगितलं. तिने कागदावर इंग्रजीत आडनाव लिहायला घेतलं आणि लिहीतच राहिली.

"अकरा अक्षरं?" तिने वर पाहिलं. "मागचा गोली नऊ दिवस टिकला. म्हणजे तुम्ही अक्षरं पुरी व्हायच्या आत जाणार."

"मग पहिली तीनच लावा. पुढची... बघू जमलं तर."

"अर्धवट काम मी करत नाही."

"मीही," तो हळूच म्हणाला आणि हसला. समोरचा एक दात नव्हता, पण हसू पूर्ण होतं. मिरेईला टाचणी टोचली. एकोणतीस वर्षांत पहिल्यांदा, असं ती म्हणते. मी तिला लहानपणापासून ओळखतो. दुसऱ्यांदा.

आमच्या खेळात एक जुनी रीत आहे. सामन्याच्या दिवशी गोलीशी कुणी बोलत नाही. का, ते देवाला ठाऊक! बाकीचे एकमेकांच्या पाठीवर थापा मारतात, नको ते विनोद करतात, आणि हा बिचारा कोपऱ्यात घरात मयत झाल्यासारखा बसतो. मला ही रीत कधीच पटली नाही. ऑरेस्टलाही पटत नसावी, कारण सामन्याच्या दिवशी तो पॅड बांधून, बदकासारखा फेंगडा चालत, शिवणाच्या खोलीत येऊन बसायला लागला.

"ए अकरा अक्षरं, पाय आवर. त्या पॅडखाली माझी रिळं मरतायत."

"शिंपीणबाई, आज माझ्याशी बोलायचं नसतं. अपशकुन होतो."

"मग जा ना बाहेर."

"आज थंडी आहे बाहेर."

"कॅनडा आहे हा. रोजच असते!"

तो हलायचा नाही. ती स्टोव्हवर प्लॉय करायची, कुट्टूच्या पिठाची पिवळी, जाळीदार धिरडी. लोणी आणि काकवी लावून गुंडाळी करून त्याच्या हातात द्यायची. एवढ्या मोठ्या हातमोज्यात ती गुंडाळी धरायला जमायची नाही, म्हणून मग... एकदोनदा तिनेच भरवली. डोळे दुसरीकडे करून. खिडकीबाहेर बर्फ भुरभुरत असायचा आणि मशीनचं पायडल उगाचच फिरत असायचं, खाली कापड नसताना.

"एकदा तर एका क्लबने मला दुसऱ्याला दिलं, आणि बदल्यात त्यांच्या बसची काच घेतली," त्याने एकदा सांगितलं.

तिचा पाय थांबला. "समोरची की मागची?"

"समोरची."

"मग निदान समोरची!" ती म्हणाली, आणि दुसऱ्याच क्षणी मशीनवर हात आपटला. "पण तुला राग नाही येत? माणूस देऊन काच घेतात मेले!"

"राग आला की गुडघे ताठ होतात. ताठ गुडघ्यांनी चकती अडत नाही."

"गुडघे गेले खड्ड्यात!"

तो नुसता हसला. सात आठवडे झाले. गोली टिकला होता. गावात कुजबुज सुरू झाली. आमच्या गावात दोन हजार माणसं, त्यातली निम्मी सीर, आणि उरलेल्यांच्या आया सीर. त्यामुळे कुजबुजीला लांब जावं लागत नाही.

मग तो शनिवार आला. दुपारी पोर्ट-ब्लांच्या सील संघाशी सामना. सकाळी मालक रेजां तिबोदो एक जर्सी काखेत मारून शिवणाच्या खोलीत शिरला. रेजांचं आरामखुर्च्यांचं दुकान आहे, आणि त्या खुर्च्यांत जेवढा भुसा, तेवढाच त्याच्या डोक्यात. क्लब त्याने विकत घेतला तो खुर्च्यांची जाहिरात करायला.

"मिरेई, हे नाव उसव. आकडा राहू दे. वरच्या लीगमधल्या आपल्या मोठ्या क्लबने नवा गोली पाठवलाय."

"ऑरेस्टला सांगितलंत?"

"सांगायचंय अजून. तूच सांग ना, तुमचं बरं जमतं."

ऑरेस्ट त्याच्या मागेच उभा होता, दोन हातांत दोन कॉफीचे पेले घेऊन.

"अरे, आहेस होय इथेच!" रेजांचा चेहरा जराही उतरला नाही. "तुला सोडलंय आम्ही, उद्या सकाळच्या बसने निघ. आणि आज दुपारी वर प्रेक्षकांत बस, राखीव म्हणून. गास्तों प्लंबर मासे धरायला गेलाय आणि यादीत कुणाचं तरी नाव लागतं. सॉसेज-पाव फुकट."

राखीव म्हणजे काय, तर यजमान गावाने एक जास्तीचा गोली प्रेक्षकांत बसवायचा. ज्या संघाचे दोन्ही गोली कामातून गेले, त्याच्याकडून त्याने उतरायचं... मग तो आपला असो की समोरचा. पंधरा वर्षांत आमच्याकडे ती वेळ कधी आली नव्हती. गास्तों त्या खुर्चीत बसून विणकाम शिकला.

"ठीक आहे," ऑरेस्ट म्हणाला.

रेजां गेला. आणि खोलीत जो स्फोट झाला, त्याने माझ्या यंत्राची टाकी हलली.

"ठीक आहे? काय ठीक आहे! सात आठवडे रोज मार खाल्लास, त्यांना तळातून वर आणलंस, आणि तो भुशाचा गोळा सॉसेज देतो तुला? आणि तू — ठीक आहे?"

"मिरेई... हे असंच असतं."

"कुणी ठरवलं असंच असतं? आणि मी? माझं काय ठीक आहे?"

पेल्यांतून वाफ येत होती. मग तो खाली बघत म्हणाला, "पुढच्या आठवड्यात आपण कुठे असू हे ज्याला माहीत नाही... त्याने कुणाला थांब म्हणू नये."

"मग दुसऱ्या कुणी म्हणायचं की नाही?"

त्याने वर पाहिलं. पण कॉफीचा एक पेला तिच्या मशीनशेजारी ठेवून तो निघून गेला. तिने दार लावलं. मग एकेक टाका तोडत अकरा अक्षरं उसवली. ते ऐकवत नव्हतं, म्हणून मी यंत्र सुरू केलं.

आता दुपारचं ऐका. पाहुण्यांना जेवण यजमानांनी द्यायचं असतं. रेजांने दिलं, बुधवारी उरलेलं खेकड्याचं सॅलड. सीलच्या पहिल्या गोलीने दोन वाट्या खाल्ल्या आणि वीस-वीस मिनिटांच्या तीन भागांतल्या पहिल्याच्या पंधराव्या मिनिटाला तो बर्फावरून जो पळाला, तो संडासातच. दुसरा गोली घाईघाईने उतरला आणि चौथ्याच मिनिटाला त्याच्या मांडीत शीर चढली. तेवढ्यात मध्यांतराचा भोंगा वाजला. पाहुण्यांचा कोच राखीव गोलीच्या नावाने ओरडायला लागला.

वर सॉसेज-पाव खात बसलेला माणूस उभा राहिला.

रेजांचा चेहरा पाहण्यासारखा होता. सकाळी हाकललेला गोली दुपारी त्याच्याच विरुद्ध! पण यादीवर सही त्याची होती.

सीलकडे एक कोरी निळी जर्सी होती. आणि लीगचा नियम असा की पाठीवर नाव नसेल तर बर्फावर पाय ठेवायचा नाही. इमारतीत मशीन एकच, हात दोनच, मिनिटं पंधरा. मी काय करू शकत होतो? मी यंत्र इतकं सावकाश चालवलं की बर्फ माझ्या मागे सारखा व्हायच्या ऐवजी कंटाळून आपणहून सारखा झाला. पंच हात हलवत राहिला, मी टोपी हलवत राहिलो.

ऑरेस्ट पॅड बांधून दारात आला तेव्हा मिरेई शेवटचा दोरा दाताने तोडत होती.

"झाली? अकराच्या अकरा?"

"हात वर कर. बघू नकोस, वेळ नाही." तिनेच जर्सी त्याच्या डोक्यातून घातली, खांद्यांवरून ओढली, पाठीवर एकदा हात फिरवला... जरा जास्तच वेळ. "आज गुडघे ताठ झाले तरी चालतील. जा!"

तो गेला. बर्फावर आला, गोलकडे वळला, आणि सगळ्या रिंकला त्याची पाठ दिसली.

पांढरी, ठसठशीत, तीन इंग्रजी अक्षरं, CYR. सीर.

मग पहिल्या रांगेतली ओझीन म्हातारी शिट्टी मारती झाली — तोंडात दात नसताना! मग सगळी बाकं हसायला, खिदळायला, पाय आपटायला लागली. "सीर! सीर!" मिरेईची आई उभी राहून रडत होती आणि शेजारणीला सांगत होती, मला काही माहीत नव्हतं हो.

आपली पाठ आपल्याला दिसत नाही. ऑरेस्टला वाटलं, हे मला हसतायत. सकाळी हाकललेला दुपारी उसन्या कपड्यांत आला म्हणून हसतायत! आणि अकरा वर्षांत जे झालं नव्हतं ते झालं. तो चिडला. मुखवट्याच्या जाळीआड त्याचे डोळे मी पाहिले. तिथे चहाचं आधण ठेवता आलं असतं.

नंतरची चाळीस मिनिटं त्याने आत मुंगी जाऊ दिली नाही. पायाने, छातीने, काठीने, एकदा तर बसल्या बसल्या मुखवट्याने चकती अडवली. मी मोजले, एकतीस फटके. गावात आता एकशे एकतीस सांगतात, मी दुरुस्त करत नाही. आमचंच गाव आमच्याच संघाविरुद्ध ओरडत होतं. रेजां पंचाच्या अंगावर धावला, "त्याचं नाव ते नाहीये!" पंच म्हणाला, "पाठीवर नाव हवं, एवढंच लिहिलंय. बसा खाली." पंचाची आई सीर आहे.

सील एक-शून्य जिंकले.

भोंगा वाजताच ऑरेस्ट कुणाशी हातही न मिळवता, स्केटची पाती रबराच्या चटईवर रोवत थेट शिवणाच्या खोलीत.

"तुझं गाव!" त्याने हातमोजे काढून आपटले. "सात आठवडे मी त्यांच्यासाठी मार खाल्ला, आणि ते — हसतात? मला? मी काय केलं होतं त्यांचं?"

मिरेई भिंतीला टेकून उभी होती. चेहरा पांढराफटक. "जर्सी काढ."

"मी काय विचारतोय—"

"काढ म्हणते ना!"

त्याने ती डोक्यावरून ओढली, रागाने गोळा केली, फेकणार तोच त्याच्या हातात ती उलगडली. त्याने वाचलं. परत वाचलं. तीनच अक्षरं, पण त्याला फार वेळ लागला.

"हे... तुझं नाव आहे."

"तुझं लांब होतं. वेळ कमी होता."

"मिरेई. खरं सांग."

"खरं?" तिचा बांध फुटला. "चौदा जणांनी तुझं नाव लावलं आणि चौदा जणांनी काढलं. सकाळी त्यातलं एक मी माझ्या हाताने काढलं, आणि मला माझाच इतका राग आला की... पुन्हा नाही काढायचं मला. तुला विचारता येत नाही ना? मग मी विचारलं. दोन हजार लोकांसमोर. तूच एकटा वाचायचा राहिला होतास, बावळटा!"

इतक्यात सीलचा सामान सांभाळणारा माणूस दारात आला. "जर्सी द्या, बस निघतेय. आणि कोच म्हणतायत, तुम्हीही चला. हंगाम संपेपर्यंत तुम्हीच गोली."

"मी येतो," ऑरेस्ट म्हणाला. मिरेईने मान फिरवली. "पण जर्सी देणार नाही."

"अहो, क्लबची आहे ती!"

"अकरा वर्षं प्रत्येकाची प्रत्येक वस्तू मी घडी घालून परत केली. ही नाही. चोरली म्हणून सांगा!" तो एवढ्या जोरात ओरडला की तो माणूस दोन पावलं मागे सरकून माझ्या यंत्रावर आपटला. मग ऑरेस्ट तिच्याकडे वळला आणि आवाज एकदम खाली आला. "पोर्ट-ब्लां दोन तासांवर आहे. मंगळवारी सामना आहे तिथे. बुधवारी परत येईन... दर वेळी येईन. थांबशील?"

"मी कुठे चाललेय? एकोणतीस वर्षं इथेच आहे." तिने डोळे पुसले आणि लगेच भडकली. "आणि बुधवारी कशाला? मंगळवारी सामना संपला की निघता येत नाही?"

तो हसला. तिने त्याच्या छातीवरच्या पॅडचा पट्टा धरला. पुढचं मी पाहिलं नाही, कारण सभ्य माणसासारखा मी यंत्रामागे गेलो... थोडासा.

त्याला आता नऊ वर्षं झाली. रेजांने क्लब विकला, ऑरेस्ट आमच्याच रिंकवर पोरांना गोल राखायला शिकवतो. पोर्ट-ब्लांचा क्लब मात्र चिवट. दर शरद ऋतूत त्यांचं पत्र येतं, एक निळी जर्सी येणे बाकी आहे, त्वरित परत करावी. मिरेई दर वर्षी त्याच दिवशी उत्तर लिहिते. धुऊन दोरीवर टाकली आहे, पण आमच्याकडची हवा तुम्हाला माहीतच आहे, अजून वाळलेली नाही.