आधी आजीचं नाव सांग

बसमध्ये चढताना त्याचं डोकं दाराच्या चौकटीला आपटलं, आणि त्याने चौकटीची माफी मागितली.

मी हसले. मग त्याच्याकडे नीट पाहिलं आणि हसू तिथल्या तिथे गिळलं. अर्ध्या दिवसाच्या बेटसहलीला येणारे लोक असे दिसत नाहीत. ते उकडलेल्या खेकड्यासारखे लाल असतात आणि नाकाला पांढरं मलम फासतात. हा रंगाने आमच्यातला, खांद्यांनी आमच्यातला, आणि बघताना एक भुवई जराशी वर... अरे देवा. छान होता. म्हणजे धोका होता.

आमच्या रारोटोंगाला एकच मोठा रस्ता. समुद्राच्या कडेकडेने निघतो, बेटाला वळसा घालतो आणि निघाला तिथेच परत येतो. नात्यांचंही तसंच. कुठूनही सुरुवात करा, फिरून आपल्याच काकूच्या अंगणात. म्हणून इथे मुलगा आवडला की पाऊल टाकण्याआधी घरातल्या म्हाताऱ्या माणसांना विचारायचं असतं : हा आपला कोण लागतो? माझ्या मैत्रिणीने, उपोकिनाने, विचारलं नाही. अख्खा आंब्याचा मोसम ती एका मुलाबरोबर स्कूटरवरून हिंडली. मग एका मयताला गेली, तर तो घरच्यांच्या रांगेत, तिच्याच शेजारच्या खुर्चीवर, तिच्याच पणजीसाठी रडत बसलेला.

"किया ओराना," असं स्वागत करत मी त्याच्या गळ्यात फुलांचा हार घातला. हार कानाला अडकला. सोडवताना माझी बोटं त्याच्या मानेला लागली — आणि चालकाच्या जागेवरून मोए मामा, म्हणजे माझ्या आईचा चुलतभाऊ, आरशात बघत म्हणाला, "कान बघ गं, तेपाएरू. आपल्या घराण्याचे कान!"

"मामा, तू गाडीकडे बघ."

"गाडी उभी आहे."

"मी तामारुआ तेरेई," तो म्हणाला. "ऑकलंडहून आलोय."

"कोणते तेरेई?"

"तेच तर माहीत नाही. आजोबांचं नाव बाबांनी आडनाव म्हणून लावलं. त्याच्या मागचं सगळं कोरं." तो माझ्या मागच्याच सीटवर बसला. गुडघे मावेनात, तेव्हा आडवे केले. "बाबा गेले, मग वाटलं, एकदा त्यांच्या माणसांचं बेट बघावं. पण एकटा फिरलो की जो तो विचारतो, कोणाचा रे तू? उत्तर येत नाही. म्हटलं, सहलीत जावं. पर्यटकाला कोणी विचारत नाही."

"कोणाचा रे तू?" मोए मामा ओरडला.

बसमध्ये आणखी तीन माणसं होती. एक स्विस जोडपं, जे फक्त फोटो काढत होतं. आणि डनेडिनच्या हार्टनेल बाई, गवती टोपीतल्या, ज्यांनी खिडकीची जागा सोडली आणि आमच्या बाजूला सरकून बसल्या. बेट त्यांना नंतरही बघता आलं असतं.

आम्ही आवारुआहून निघालो. मी माइक हातात घेतला आणि अगदी सहज विचारलं, "आजीचं नाव काय तुमच्या?"

माइक चालू होता. स्विस जोडप्याने घाबरून एकमेकांकडे पाहिलं.

"तुआइने," तामारुआ म्हणाला. "बाबांची आई. तितिकावेका गावची. तरुणपणी बोटीने न्यूझीलंडला गेली, ती परत आलीच नाही."

माझ्या आईकडच्या आजोबांना एक बहीण होती. नाव तुआइने. गाव तितिकावेका. तरुणपणी बोटीने न्यूझीलंडला गेली, ती... पुढचं सांगायला नको.

म्हणजे याचे बाबा माझ्या आईचे आतेभाऊ. म्हणजे हा — माझा भाऊ! त्याच्या मानेला लागलेली बोटं मी स्कर्टला पुसली.

"काय झालं, मुली?" हार्टनेल बाई म्हणाल्या. "पांढरी पडलीस."

"उजवीकडे बघा," मी माइकमध्ये म्हटलं, "आपलं सर्वांत जुनं चर्च."

उजवीकडे डोंगर होता. हार्टनेल बाईंनी तरीही फोटो काढला.

खरं-खोटं सांगू शकणारं बेटावर एकच माणूस होतं, माझी कुरा मावशी. बेटावरचे सगळे कोणाचे कोण, हे तिला तोंडपाठ आहे, मेलेले धरून. आणि सहलीचा चहा तिच्याच ओसरीवर, तितिकावेकाला असतो. तोवर दोन थांबे होते. दोन थांबे मी त्याच्याकडे बघायचं नाही, एवढं ठरवलं. ठरवताना आरशातून त्याच्याकडे बघत होते.

पहिला थांबा आवाना. पूर्वजांच्या होड्या इथूनच दूर समुद्रात निघाल्या. मी ते पाठ केलेलं सांगत होते, तेवढ्यात शहाळी विकणाऱ्या न्गारीने कोयता खाली ठेवून तामारुआची हनुवटी धरली, डावीकडे वळवली, उजवीकडे वळवली.

"हे नाक माझ्या काकांचं," न्गारी म्हणाला. "आमचा आहेस तू."

न्गारी माझ्या वडिलांचा मावसभाऊ लागतो.

"खरंच?" तामारुआचा चेहरा असा उजळला, की शहाळ्याचे पैसे घ्यायला न्गारी विसरला. तामारुआ धावत माझ्याकडे आला. "ऐकलंस? नाक!"

तो थेट 'तू'वर आला होता. एरवी मी यावर आठवडाभर जगले असते.

"ऐकलं," मी म्हटलं. आईकडून कान, वडिलांकडून नाक. हा मुलगा तुकड्यातुकड्याने माझा भाऊ होत चालला होता.

"तुला आनंद नाही झाला?"

"झाला ना. आतून झालाय."

मुरीच्या खाजणापाशी पोचलो तेव्हा पाणी हिरवं-निळं, वारा मंद आणि ढग नेमका आमच्या डोक्यावर. सर आली. बाकीचे बसकडे पळाले. तामारुआने अळूचं भलंमोठं पान तोडून माझ्या डोक्यावर धरलं. पानावर थेंब टपटपत होते. त्याच्या हारातली फुलं भिजून आणखीच दरवळायला लागली... आणि त्याची भुवई वर गेली.

"एक विचारू?"

"पान कोणाच्या तरी वाफ्यातलं आहे," मी म्हटलं. "ओरडतील."

"उद्या पहाटे माझं विमान आहे. आज संध्याकाळी तू..."

मी एक पाऊल मागे सरकले. तोही एक पाऊल पुढे आला, बिचारा, पान धरून. मी आणखी सरकले. असे आम्ही खाजणात घोट्यापर्यंत उतरलो.

"तेपाएरू, तू पाण्यात चालली आहेस."

"वारा आहे."

"मी काही चुकीचं बोललो?"

"नाही रे..." 'नाही रे भाऊ' असं तोंडात आलं होतं. आयुष्यात कोणताच शब्द इतका कडू लागला नसेल. "चहाची वेळ झाली. मावशी वाट बघत असेल."

त्याने पान मिटलं, नीट घडी घातली आणि कुठे ठेवावं हे न कळून खिशात ठेवलं. बसमध्ये तो शेवटच्या सीटवर जाऊन बसला. हार्टनेल बाई माझ्या कानाशी येऊन कुजबुजल्या, "मूर्ख मुली."

"तुम्हाला माहीत नाही," मी म्हटलं.

"मग सांग. माझ्याकडे अख्खा दिवस आहे."

मी सांगितलं. त्यांनी टोपी काढून वारा घेतला. "आमच्याकडे आधी लग्न करतात," त्या म्हणाल्या, "आणि नातेवाईक कोण ते नंतर कळतं. तेही वाईटच."

कुरा मावशीच्या अंगणात आमची सगळी थडगी आहेत, छपराखाली, स्वच्छ धुतलेली. स्विस गृहस्थांनी पाठीवरची पिशवी उतरवून आजोबांवर ठेवली. "आजोबांवर नको," मी म्हटलं. "पणजोबांवर ठेवा, त्यांना चालतं." ओसरीवर गरम डोनट होते, नारळाच्या दुधातली कच्ची मासळी होती, आणि वेताच्या खुर्चीत मावशी होती.

"ये रे, उंच पोरा," ती तामारुआला म्हणाली. "कोणाचा तू?"

मी भरलेल्याच कपात किटली ओतत राहिले. मोए मामाने ती काढून घेतली आणि स्वतःला चहा ओतला.

"तितिकावेकाच्या तुआइनेचा नातू," तामारुआ म्हणाला. आता उत्तर त्याला येत होतं. केवढ्या आशेने उभा होता तो! "हे सगळे म्हणतात, माझे कान तुमचे आहेत."

"कान!" मावशीने हात झटकला. "अर्ध्या बेटाचे कान असेच आहेत. इकडे ये."

तिने त्याचा चेहरा दोन्ही हातांत धरला. हार्टनेल बाईंनी अर्धा खाल्लेला डोनट छातीशी धरला होता. मी पहिल्यांदाच कबूल केलं, निदान मनात, की मला हा मुलगा हवाय, आणि नेमक्या त्याच क्षणी तो कायमचा जाणार होता. उपोकिनाला निदान एक मोसम मिळाला होता. मला एक सकाळ.

"आमची तुआइने," मावशी सावकाश म्हणाली, "वेलिंग्टनला राहिली. लग्न केलं नाही. मूलबाळ नाही. दर नाताळला मांजरांचे फोटो पाठवायची."

"दत्तक कोणी?" मी विचारलं. आवाज माझा नव्हताच.

"मांजरंच. अगं, गावात तुआइने दोन होत्या. एक आमची. दुसरी त्या तिकडची." मावशीने बोट दाखवलं. अंगणाच्या टोकाला ओहोळ होता आणि पलीकडे एक बंद घर. "एकाच बोटीने गेल्या दोघी. एकाच बाकावर बसून. शब्द बोलल्या नाहीत. त्याआधीच एका वादळात ओहोळाने वाट बदलली आणि आमचं डुकराचं कुंपण त्यांच्या बाजूला गेलं. डुकरासकट. तेव्हापासून खटला चालू आहे. डुक्कर मेलं, वकील मेला, खटला चालू आहे." तिने त्याचा चेहरा सोडला. "हे डोळे त्यांचेच. तू आमचा कोणी नाहीस, पोरा."

आमच्या बेटावर याहून कडक वाक्य नाही. ते ऐकून लोक रडतात. मी मात्र हसले, चांगली मोठ्याने, दात दाखवून. मग मागे पाहिलं, तर तामारुआ पायऱ्या उतरून ओहोळाकडे चालला होता.

मी मागे धावले.

आमच्यातलं कोणी ओहोळ ओलांडत नाही. बॉल तिकडे गेला की नवा आणतात. तामारुआ पलीकडे पोचला. मी काठावर थांबले... मग चप्पल हातात घेतली आणि उतरले. ओसरीवरून मोए मामाचा आवाज आला, "अरे बापरे."

पलीकडचं अंगण गवताने भरलं होतं, कमरेएवढ्या. त्या गवतात दोन थडगी, वेलींनी झाकलेली. तो त्यांच्यासमोर उभा होता.

"तू हसलीस," तो न वळता म्हणाला. "सकाळपासून बघतोय. कोणी मला आपलं म्हटलं की तुझा चेहरा पडायचा. आणि आता मी कोणी नाही म्हटल्यावर..."

"तामारुआ, ऐक ना —"

"एवढा नकोसा झालो होतो, तर तेव्हाच सांगायचं."

"तू भाऊ लागलास तर हात धरता येत नाही!" मी ओरडले. खटल्यातली दोन्ही घरं ऐकतील असं ओरडले. "म्हणजे... धरता येतो. बहिणीसारखा. पण मला तसा नाही धरायचा."

ओहोळाचं पाणी वाहत होतं. ओसरीवर कोणीतरी डोनट गिळल्याचा आवाज आला.

तो वळला. कळायला त्याला जरा वेळ लागला. ऑकलंडचा होता. मग कानाच्या पाळ्या लाल झाल्या.

"म्हणून तू पाण्यात चालत गेलीस?"

"हो."

"आणि आता आपण कोण?"

"शत्रू," मी म्हटलं. "दोन पिढ्यांचे. याहून चांगलं काही होऊच शकत नव्हतं."

त्याने माझा हात धरला. बहिणीचा धरतात तसा मुळीच नाही. बराच वेळ आम्ही तसेच उभे होतो, आणि मग मला विमान आठवलं.

"उद्या पहाटे ना... तुझं?"

त्याने थडग्यावरची एक वेल ओढून पाहिली. तिच्यामागे नाव होतं, अर्धं पुसलेलं. त्याने ते बोटाने वाचलं, पुन्हा वाचलं. मग अंगणभर नजर फिरवली.

"हे गवत एका दुपारचं काम नाही," तो म्हणाला. "आठवडा लागेल. पाऊस पडत राहिला तर जास्त."

"पाऊस पडतो इथे," मी घाईघाईने म्हटलं. "खूप पडतो."

"कोयता लागेल."

"आणते."

मी वळले, तर पलीकडच्या काठावर कुरा मावशी उभी. हातात कोयता. आमच्या घराचा इतिहास बघता तो कशासाठी आणलाय, हे मला क्षणभर कळेना. हार्टनेल बाईंनी डोळ्यांवर टोपी ओढली.

मावशीने कोयता फिरवून मूठ माझ्याकडे केली.

"फक्त त्यांच्या बाजूचं गवत कापायचं म्हणावं त्याला," ती म्हणाली. "डुकराच्या कुंपणाला हात लावला तर कोर्टात भेटू." मग गवतात धडपडणाऱ्या त्याच्या लांबलचक पायांकडे बघत, आवाज जरा खाली आणून, "आणि जेवायला इकडे ये म्हणावं. रोज."