कोंडीरामची हाक

आमच्या गिरणीत साचेखातं म्हणजे जिथे माग चालतात ती जागा. तीनशे माग एकदम धडधडत असले की कुणाचं बोलणं कुणाला ऐकू जात नाही. तिथली माणसं एकमेकांचे ओठ वाचतात. मी हजेरीचा कारकून, राहणार गिरगावचा. पण रोज वही घेऊन तिथे फिरून मलाही ती विद्या आली होती. भुताखेतांच्या गप्पा निघाल्या की मी चहा प्यायला उठणारा माणूस आहे, हे आधीच सांगून ठेवतो.

कोंडीराम चौदा वर्षं तिथे दोन माग सांभाळत होता. बाहेर सगळे त्याला मुका समजत. हजेरीला नुसता हात वर करायचा. मागावर मात्र पाळी संपेपर्यंत त्याचे ओठ हलत असत. बायकोशी बोलायचा. कमळाबाई जाऊन तेव्हा बारा वर्षं झाली होती. आज भाजी कसली केलीस, पाठ धरलीय, असलं साधंच काहीतरी. दुसऱ्याचं खाजगी वाचू नये हे कळत होतं, तरी मी वाचायचो.

पंचावन्नच्या दिवाळीआधी एका दुपारी वीज गेली. सगळे माग थांबले आणि कोंडीरामचं उरलेलं वाक्य त्या शांततेत मोठ्यानं बाहेर पडलं.

"...कमळे, वाईच पाणी दे."

आवाज भरदार होता. दोघंतिघं हसत वळली. मागाच्या कडेला आता पितळेचा तांब्या होता. काठोकाठ भरलेला, बाहेरून ओला. गिरणीत पाण्याला पत्र्याचे डबे. पितळेचं भांडं कुणी आणत नसे. कोंडीरामने तांब्या कपाळाला लावला, पाणी प्यायला आणि खाली बसून रडला.

राजाराम जॉबर, म्हणजे मागांवरचा मुकादम, मला बाजूला घेऊन म्हणाला, "भाऊसाहेब, त्याचा शब्द दुसऱ्याच्या कानावर पडला की खरा होतो. म्हणून तर त्यानं हितली नोकरी धरली."

"कुणीतरी ठेवला असेल," मी म्हणालो. कुणी ठेवला ते मी अजून शोधतोय.

वीज आली, माग सुरू झाले. मला राहवेना. कोंडीरामसमोर उभा राहून मी ओठांनीच विचारलं, मग बाईंनाच का नाही बोलावत?

त्याचे ओठ सावकाश हलले. हाक मारली की यावंच लागतं, भाऊसाहेब. लई दुखणं काढलंय तिनं. झोपू दे.

त्या दिवसापासून मी त्या माणसाला मनातल्या मनात नमस्कार करायचो. एवढं हाताशी असून बारा वर्षं तोंड मिटून राहायचं. मला एक दिवसही जमलं नसतं.

छप्पनच्या जानेवारीत मुंबई महाराष्ट्राला मिळत नाही म्हणून शहर पेटलं. गोळीबार झाले. आमच्या सूत गुंडाळायच्या, वायंडिंग खात्यातल्या कौसल्याबाईंचा वसंत, एकोणीस वर्षांचा, मोर्च्याला गेला तो चौथ्या दिवशीही परतला नाही. मला इंग्रजी याद्या वाचता येतात, म्हणून बाई मला घेऊन इस्पितळं हिंडल्या. जखमींच्या यादीत नाव नव्हतं. दुसऱ्या यादीतही नव्हतं. पण तिच्या शेवटी नाव न कळलेली माणसं होती, आणि तो कागद मी बाईंना वाचून दाखवला नाही.

"आता कोंडीरामभावजींकडं चला," त्या म्हणाल्या. डिलाईल रोडच्या एकाच चाळीत, दोन दारं सोडून दोघांची बिऱ्हाडं.

भर दुपार होती. संपामुळे भोंगे बंद, रस्ता रिकामा. बाईंनी रडारड केली नाही, हात जोडले नाहीत. मुलाचं नाव तेवढं सांगितलं. कोंडीरामने बाईंकडे तोंड केलं आणि आवाज न काढता विचारलं.

जिता असला तर येईलच. नसला तरी येईल. चालंल?

मला ते वाचता आलं. त्यांनाही.

"चालंल," बाई म्हणाल्या.

तो गॅलरीत गेला. कठड्याला दोन्ही हात लावले.

"वसंता, घरी ये."

ओरडला नाही. जेवायला बोलवावं तसं म्हणाला.

जिन्यावर पावलं वाजली.

वसंतच होता. चौथा दिवस, पण सदऱ्याला सुरकुती नव्हती. पायाला धूळ नव्हती.

"आये, भूक लागलीय."

बाईंनी त्याला घरी नेऊन ताटावर बसवलं. आम्ही दोघं दारात उभे होतो. कुठे होतास, हे त्यांनी विचारलं नाही. मीच विचारलं.

"तिथं आम्ही ओळीनं निजलो होतो," तो भाकरी मोडत म्हणाला. "काकांची हाक आली तसे सगळेच उठून बसले. नाव माझं निघालं."

कोंडीरामचे ओठ हलले. पोराला ओठ वाचता येईनात, म्हणून त्याचा प्रश्न मी मोठ्यानं विचारला.

"बाकीचे?"

"बसलेत की अजून. त्यांना वाटतंय, काका दम खायला थांबलेत."

कौसल्याबाईंनी त्याच्या ताटात आणखी अर्धी भाकरी वाढली.