खिडकीतलं लाकूड

“लाकूड आणलंस?”

मास्तरांचा हा आवाज वेरेनाबाईंना साठ वर्षांनीही ऐकू येई. स्वित्झर्लंडच्या एका उंच खेड्यात, शाळेच्या दारात, अंगावरचं बर्फ झाडणाऱ्या मुलांना रोज एवढंच विचारलं जाई. आता इंग्लंडमधल्या बेसिंगस्टोकच्या घरात डुलकी लागली की त्या झोपेतच “आणलं” म्हणत.

हे अलका सांगत होती. वेरेनाबाई तिच्या सासूबाई. हॉस्पिटलची शिफ्ट संपवून ती तशीच स्लाऊला, सुनीतीच्या डिटेक्टिव्ह एजन्सीत आली होती. सासूबाईंच्या शाळेतलं ते जुनं लाकूड घरातल्या काचेच्या कपाटातून नाहीसं झालं होतं. त्या शाळेचं म्युझियम होत होतं आणि शनिवारी गावची माणसं ते न्यायला येणार होती.

“ओंडक्यासाठी डिटेक्टिव्ह?” नंदू म्हणाला. तो सुनीतीचा मामेभाऊ. तिची गाडी चालवायचा आणि मतं फुकट द्यायचा.

“त्याला कीड लागलीय, बाहेर टाका, असं मी मागे बोलले होते,” अलका म्हणाली. “पपा, म्हणजे माझे सासरे, विचारत काहीच नाहीत. फक्त माझ्या हातचा चहा घेत नाहीत. ओरडले असते तर बरं झालं असतं. आणि आईंना कळू द्यायचं नाही म्हणतात, त्यांना धक्का बसेल.”

सुनीतीने कपाटातल्या लाकडाचा फोटो मागून घेतला. लाकडावर एक कोरलेली खूण होती आणि तिच्याखाली दोन चरे. एक बाजू उन्हाने फिकटलेली.

बेसिंगस्टोकला मे महिन्याचं मऊ ऊन पडलं होतं. अलकाचे सासरे जयंतराव, रिटायर्ड डॉक्टर, त्यांनी बायकोच्या गावातल्या शाळांचा इतिहास लिहिला होता. विचारायचा अवकाश, ते खुलले. चर्चजवळची शाळा दुकानदारांच्या मुलांची, वर्षभर चाले. वरची शाळा गुराख्यांच्या मुलांची, फक्त हिवाळ्यात. उन्हाळ्यात मुलं गाईंमागे कुरणात. शेगडीसाठी प्रत्येकाने रोज एक लाकूड आणायचं, त्यावर आपल्या घराची खूण.

“संध्याकाळपर्यंत सगळी जळायची,” ते म्हणाले. “हिवाळ्यात एखादं मूल दगावलं तरच त्याचं लाकूड खिडकीत ठेवत. वसंतात शाळा सुटायच्या दिवशी, सगळ्यात शेवटी, ते शेगडीत घालत.”

“मग तुमचं कसं उरलं, काका?”

“हिमलोट आला, आणि वरची शाळा भर हिवाळ्यात कायमची बंद झाली. त्या शेवटच्या दिवसाची ही आठवण. वेरेना एकुलती एक, तिच्याकडेच आली.”

संजयला फोन झाला. जयंतरावांचा हा मित्र जुन्या वस्तू विकायचा आणि लाकडावर त्याचा डोळा होता. तो हसत म्हणाला की ते हवं होतं खरं, पण दुकानात मांडलं तर पहिलं गिऱ्हाईक म्हणून जयंताच आला असता. लाकूड गेलं त्या दिवशी अलकाचा नवरा राजीव वॉर्डात ड्यूटीवर होता. अलकाही ड्यूटीवर, आणि जयंतराव लायब्ररीत.

नंदू बैठकीतल्या फायरप्लेसपाशी रेंगाळला होता. “ताई, काय लखलखीत! यात जेवायला वाढावं.”

अलका ओशाळली. नाताळानंतर ती पेटवली नव्हती आणि झाडायला तिला सवडही झाली नव्हती. सुनीती मागच्या बागेत गेली. गुलाबाच्या बुडाशी ताजी राख होती.

स्वयंपाकघरात वेरेनाबाई भाकरीसाठी पीठ चाळत होत्या. सुनीतीने लाकडाचा विषय टाळून त्यांच्या घराची खूण विचारली. त्यांनी पिठात बोटाने ती काढली, खाली एकच चरा ओढला. “पहिल्या मुलाला एक,” त्या म्हणाल्या, आणि तळव्याने सगळं पुसून टाकलं.

सुनीतीने सगळ्यांना बैठकीत बसवलं. वेरेनाबाईंनाही. जयंतरावांनी डोळ्यांनी नको म्हटलं.

“काका, लाकूड चोरीला गेलं नाही. ते इथेच जळलं.”

“कुणी जाळलं?” नंदूने अलकाकडे पाहिलं.

“कचरा म्हणून टाकणारी बाई ते डस्टबिनमध्ये टाकते. ते जाळून, फायरप्लेस धुऊनपुसून, राख गुलाबाला घालत नाही. शेवटच्या दिवसाचं लाकूड शेगडीतच जाणार होतं; मग त्याची एक बाजू उन्हाने का फिकटली? ते खिडकीत होतं म्हणून. म्हणजे ते दगावलेल्या मुलाचं. खूण काकूंच्या घराची, पण चरे दोन. काकूंचा एक.”

जयंतराव बायकोकडे बघत राहिले.

“शाळा मध्येच बंद पडली, वसंतातला तो दिवस आलाच नाही. लाकूड जळायचं राहिलं. शनिवारी ते कायमचं म्युझियमच्या काचेत गेलं असतं. काकू, अलकावर आळ आलाय. तुम्हाला कुणी सांगितलं नाही.”

“अलकावर?” वेरेनाबाई नवऱ्याकडे वळल्या. “जयंत, म्हणून तू चहा घेत नव्हतास? मला वाटलं, तुझं पोट बिघडलंय.” मग सुनेचा हात त्यांनी मांडीवर ओढून घेतला. “मी जाळलं गं. मला कुणी विचारलंच नाही.”

जयंतरावांनी मान खाली घातली. “अलका, चुकलो मी, बाळा,” ते म्हणाले. “आणि वेरेना, मी आख्खं पुस्तक लिहिलं. मला एकदाही नाही सांगितलंस?”

“त्याचं नाव निघालं की आई ताटावरून उठायची. मग आम्ही कुणी काढेनासे झालो.”

अलकाने त्यांचा हात सोडला नाही.

“सेप,” वेरेनाबाई म्हणाल्या. “माझा धाकटा भाऊ. नुकता शिट्टी वाजवायला शिकला होता. जेवतानासुद्धा वाजवायचा.”